इतिहासाचा पेपर आणि काळा समुद्र

फेब्रुवारी अर्धा झाला की आमच्या रोह्याच्या घरात दोन वासांचं भांडण सुरू होतं. एक परसातल्या रायवळ आंब्याच्या मोहोराचा, दुसरा नदीपलीकडच्या कंपन्यांचा. वारा पडला की दुसरा जिंकतो, पण सकाळी दार उघडावं तर पहिल्याचंच राज्य असतं. याच दिवसांत बाजारातल्या वालाच्या शेंगा जून व्हायला लागतात, शेतात मडक्यात शेंगा भाजायची पोपटी लावून रात्री जागवणारी मुलं नाइलाजानं पुस्तकं उघडतात आणि झेरॉक्सच्या दुकानांपुढे गर्दी होते. नोकरीभर मी बारावीला इतिहास शिकवला. आता निवृत्त आहे, कुणाचे पेपर तपासायचे नाहीत. तरी मोहोराचा वास आला की हात आपोआप लाल पेन शोधतो.

परवा सकाळी चहा घेताना टीव्ही लावला. सुएझच्या वाटेवरच्या कुठल्याशा सामुद्रधुनीभोवती लाल गोल काढून एक माणूस जहाजांवरच्या हल्ल्यांबद्दल तावातावानं बोलत होता. मी आवाज बंद केला. नकाशा मात्र तसाच समोर राहिला, आणि मला रंजना नावाच्या एका विद्यार्थिनीच्या परीक्षेचा तो मोसम आठवला. युक्रेनमध्ये युद्ध सुरू झालं तो.

तेव्हा मी रविवारी सकाळी एसटीनं पेणला जात असे. नागोठणं, गडब, मग वडखळचा नाका. तिथे गाडी हमखास अडकायची. पेणला एका मैत्रिणीच्या घराचा खालचा हॉल रिकामा असे. तिथे सतरा नंबरचा फॉर्म भरून बाहेरून बारावीला बसणाऱ्या काही बायकांना मी इतिहास शिकवत होते. शेजारीच गणपतीचा कारखाना. खिडकीतून ओल्या शाडूचा वास यायचा, आणि फळीवर ओळीनं मांडलेले, अजून डोळे न आखलेले गणपती आमच्याकडे तोंड करून बसलेले असायचे. आम्ही आत फ्रेंच राज्यक्रांती करायचो. बाहेर कुणीतरी सोंडेला वळण देत असायचं.

रंजना त्या वर्गात सगळ्यात आधी येऊन बसायची. वडखळच्या पुढे धरमतर खाडीच्या अंगाला तिचं गाव. माहेर आणि सासर दोन्ही खाडीकाठच्या खारेपाटातलं. सासऱ्यांची सगळी हयात मिठागरावर गेली. नवरा, जनार्दन, आधी धरमतरच्या मालवाहू बार्जवर होता आणि मग इंजिनाचं काम शिकून ऑइलर म्हणून मोठ्या जहाजावर गेला. वर्षातले आठ-नऊ महिने समुद्रात, उरलेले घरी. रंजना गावच्या अंगणवाडीत मदतनीस होती. खिचडी शिजवायची, रडणारी पोरं कडेवर घेऊन आणायची, संध्याकाळी पाट्या पुसून ठेवायची. तिथल्या सेविकाबाई निवृत्तीला आल्या होत्या.

"त्यांच्या जागेवर बसायचं तर बारावी पायजे," पहिल्या दिवशी तिनं सांगितलं. "मी दहावीवर लगीन केलं. आता मागं राहिलेलं पुरं करते."

तिचा जगाचा इतिहास वेगळ्याच वाटेनं चालायचा. वसाहतवादाच्या धड्यात सुएझ कालवा आला, मी भिंतीवरच्या नकाशावर बोट ठेवलं, तर ती म्हणाली, "इथं ह्यांचं जहाज दिवसभर थांबवलेलं. ऊन लय होतं म्हनाले." सगळ्या बायका हसल्या. मीही हसले. पण त्यानंतर तिला धडा शिकवायचा तर आधी नकाशा, मग मजकूर, असं मी ठरवूनच टाकलं. सनावळ्या तिच्या लक्षात राहत नसत. कारणं आणि परिणाम यांची ती हमखास अदलाबदल करायची. मात्र मधूनच असा प्रश्न विचारायची की मी खडू खाली ठेवायची. पहिल्या महायुद्धानंतरचे तह शिकवत होते, तेव्हा तिनं विचारलं, "मॅडम, तह झाला तर दूर समुद्रातल्या मानसांना कोन सांगत असंल, का आता संपलं म्हनून?"

मी सांगितलं की बिनतारी संदेश जायचे. त्याच्याही आधीच्या काळात तह झाल्यावरसुद्धा लढाया झाल्या आहेत, कारण बातमी पोचलीच नव्हती. तिनं वही मिटली. मग म्हणाली, "म्हंजे तवा मेलेली मानसं उगाच मेली."

कोणत्याही पाठ्यपुस्तकात हे वाक्य नाही. मी ते फळ्यावर लिहिलं नाही, पण विसरलेही नाही.

युद्ध सुरू झालं त्या सकाळी मी स्वयंपाकघरात मोड आलेले वाल सोलत बसले होते. टीव्हीवर धूर, रणगाडे, भुयारी स्टेशनात झोपलेली माणसं. शीतयुद्धाचा धडा आदल्याच रविवारी संपवला होता. 'संपलं' असा शब्दही मी वापरला होता. फोन वाजला.

"मॅडम, टीवी बघितला?"

"बघतेय."

"आमचे हे तिथंच हाईत."

मला आधी कळलंच नाही. जहाज कुठेतरी तुर्कस्तानाच्या बाजूला असेल अशी माझी समजूत होती. पण ते धान्य भरायला काळ्या समुद्राकाठच्या ओदेसाच्या पलीकडच्या एका बंदरात शिरलं होतं, आणि त्याच आठवड्यात बंदर बंद झालं. बाहेर पाण्यात सुरुंग पेरले आहेत असं जनार्दननं तिला फोनवर सांगितलं होतं. जहाज हलवता येत नव्हतं, आणि शहरात उतरावं तर शहरावर बॉम्ब.

दुसऱ्या दिवशी मी तिच्या गावी गेले. वडखळला उतरून रिक्षा केली. भातकापणी होऊन गेलेली शेतं, बांधाबांधावर तूर, पुढे मिठागरांत मिठाचे पांढरे ढीग, त्यावर ऊन. इतकं शांत दिसत होतं सगळं की माझाच मला राग आला. अंगणात बायका जमल्या होत्या. घरात टीव्ही मोठ्यानं चालू होता. रंजनाची सासू सोप्यावर सुकी सुकट निवडत बसली होती. माझ्याकडे न बघताच त्या म्हणाल्या, "बसा, बाई. हात चालू राहिला पायजे, म्हनून निवडते. शिजवायची नाय आज."

रंजनाचा दीर खुर्चीत बसला होता. वाईट माणूस नव्हे तो. भावाच्या काळजीनं त्याचा चेहरा उतरला होता. तो मला म्हणाला, "मॅडम, तुमीच सांगा तिला. आठ दिवसांनी पेपर हाईत. असल्या वक्ताला कोन परीक्षा देतं? लोक काय म्हनतील, नवरा बॉम्बमधे आन ही पेन घेऊन चालली."

सगळ्यांनी माझ्याकडे पाहिलं. मी काही बोलायच्या आत रंजना आतून पाणी घेऊन आली. तांब्या माझ्यापुढे ठेवला आणि दिराकडे वळून शांतपणे म्हणाली, "भावजी, मी घरी बसले तर तिथलं बंदर उघडनार हाय कं?"

त्यानं टीव्हीकडे नजर वळवली.

"उघडनार असंल तर सांगा. बसते मी."

सुकट निवडणारे सासूचे हात थांबले. "जाऊ दे तिला," त्या म्हणाल्या. "तो समुद्रात गेला तवा मी त्याला नाय थांबवला. ही नुसती पेणला पेपराला चाललीय."

त्याच दुपारी जनार्दनचा फोन आला. रंजनानं तो सगळ्यांना ऐकू येईल असा लावला. आवाज मध्येच खोल जायचा, मध्येच जवळ यायचा. सगळे जहाजावरच आहेत, दोन वेळचं खाणं आहे, कंपनी म्हणते थांबा, असं तो सांगत होता. मागे कुणीतरी परक्या भाषेत ओरडत होतं. मग त्यानं विचारलं, "पेपर कंदी हाय तुझा?" तिनं सांगितलं. तो म्हणाला, "दे. इथं माझं कायच माझ्या हातात नाय. तुझं हाय, ते तरी पुरं कर."

फोन कट झाला. सासूनं पदर तोंडाला लावला. रंजना उठून आत गेली आणि पुस्तक घेऊन बाहेर आली. बायकांच्या देखत तिनं ते माझ्यापुढे उघडलं. "मॅडम, आलाच हाव तर दुसरं महायुद्ध पुन्यांदा करून घ्या."

मी आयुष्यात अनेक वर्गांत दुसरं महायुद्ध शिकवलं. त्या अंगणात शिकवलं तसं कधी नाही. पोलंडवरचं आक्रमण सांगताना माझ्या तोंडून पुन्हा पुन्हा 'युक्रेन' निसटत होतं. शेजारच्या दोघी-तिघी जवळ सरकून ऐकायला लागल्या. एकीनं विचारलं, "मंग ते संपलं कसं?" मी सांगितलं. हिरोशिमाही सांगितलं. टीव्ही कुणीतरी केव्हाच बंद केला होता.

पण रंजना नुसती अभ्यास करत बसली नाही. युद्धात अडकलेल्यांची नावं जिल्ह्याच्या ठिकाणी घेतायत, असं तिला कुणीतरी सांगितलं. सोमवारी सकाळी आम्ही दोघी अलिबागला गेलो. टेबलामागचा तरुण कर्मचारी थकलेला होता, पण अदबीनं बोलत होता. त्यानं विचारलं, "मुलगा की मुलगी? कोणत्या कॉलेजला?"

"कॉलेजला नाय, साहेब."

"मेडिकलचे विद्यार्थी अडकलेत, त्यांची नावं घेतोय आम्ही."

"हे विद्यार्थी नाय. खलाशी हाईत. जहाज बंदरात हाय."

त्यानं मान वर केली. त्याच्या समोरच्या कागदावर खलाशासाठी रकाना नव्हता. तो क्षणभर गोंधळला. मी बोलायला पुढे होणार तेवढ्यात रंजनानं पदराच्या टोकानं कपाळ पुसलं आणि म्हणाली, "साहेब, कॉलेजच्या जागी जहाजाचं नाव लिवा. वर्गाच्या जागी लिवा इंजिनरूम. आन जहाजावरच्या सगळ्यांची नावं मी आनलीत, ती पन घ्या. त्यातले मराठी दोनच हाईत, पन घ्या सगळी."

त्यानं सगळी लिहून घेतली. स्पेलिंग विचारून, नीट. उठताना आम्हाला म्हणाला, "ताई, मी स्वतः वर कळवतो." त्यानं कळवलं असावं. नक्की कुणाच्या प्रयत्नानं काय हललं, हे आम्हाला कधीच समजलं नाही.

परतताना गाडी धरमतरच्या पुलावर आली. खाली खाडीत कोळशाची बार्ज भरतीची वाट पाहत उभी होती. रंजना खिडकीतून बघत राहिली. म्हणाली, "हितं होते तवा मी कटकट करायची, का हितं काय ठेवलंय, मोठ्या जहाजावर जा." वडखळ जवळ आलं तेव्हा पिशवीतून पुस्तक काढून तिनं विचारलं, "शीतयुद्धातले करार पुन्यांदा सांगा ना."

पहिले पेपर तिनं दिले. इंग्रजीचा कसाबसा, मराठीचा आनंदानं. रोज सकाळी जनार्दनचा एखादा फोन, कधी नुसताच मिस्ड कॉल. मिस्ड कॉल म्हणजे मी आहे, असं त्यांचं ठरलं होतं. इतिहासाच्या पेपरच्या आधी मात्र दोन दिवस तोही आला नाही. बातम्यांत त्या बाजूच्या शहरांची नावं यायला लागली होती. मी रोह्याहून पहाटेच्याच गाडीनं पेणला पोचले. केंद्राच्या फाटकाशी ती उभी होती. अबोली रंगाची साडी, घट्ट वेणी, डोळे रात्रभर न मिटलेले.

"फोन आत नेऊ देत नाय," ती म्हणाली आणि मोबाइल माझ्या हातात ठेवला. "तुमच्याजवळ ठेवा. आला तर घ्या. काय पन असलं तरी घ्या."

मी होकार दिला. ती आत गेली. दाराशी झडतीसाठी थांबली, हात पसरले, आणि मागे वळून न बघता जिना चढली.

समोर एक पांगारा होता. पानं सगळी झडलेली, फांद्यांच्या टोकांना लाल फुलं, त्यावर साळुंक्यांचा गोंधळ. त्याच्याखालच्या कट्ट्यावर मी बसले. आजूबाजूला मुलांचे आईबाप डबे घेऊन बसले होते. कुणी स्तोत्र म्हणत होतं, कुणी शेअर बाजाराच्या गप्पा मारत होतं. मला त्या तीन मजली इमारतीकडे पाहून वाटलं, आत्ता तिथे शेकडो मुलं महायुद्धाची कारणं लिहितायत. साम्राज्यवाद, गुप्त करार, शस्त्रास्त्रस्पर्धा. मीच पाठ करून घेतलेले मुद्दे. त्यातला एकही चुकीचा नाही. पण जिच्या हातात आत्ता पेन आहे आणि जिचा फोन माझ्या हातात आहे, ती त्या मुद्द्यांत कुठेच बसत नव्हती. करार करणारे पुस्तकात राहतात. करार मोडल्यावर बंदरात अडकलेला ऑइलर आणि त्याची बायको यांच्यासाठी एक ओळसुद्धा ठेवलेली नसते. ती ओळ त्यांना स्वतःच लिहावी लागते, जमेल तशी.

फोन वाजला. मोठा, परदेशी नंबर.

"रंजे?"

"मी तिची मॅडम बोलतेय. ती पेपरला बसली आहे."

पलीकडे नुसता इंजिनाचा आवाज. मग, "बसली?"

"हो. आज इतिहास."

तो हसला की रडला ते मला कळलं नाही. "मॅडम, आमाला बसमधे घातलंय. सगळ्यांना. बॉर्डरला चाललोय. रस्त्यानं लय गाड्या हाईत. तिला सांगा, का..."

तुटला. मी परत लावला. लागला नाही. पुन्हा लावला.

पर्यवेक्षकांना सांगून वर निरोप पाठवता आला असता. फाटकाशी एक ओळखीचे शिपाई होते, ते गेलेही असते. पण काय पाठवायचं होतं मला? बसमध्ये बसला, एवढंच. त्या रस्त्यावर पुढे काय आहे हे कुणालाच माहीत नव्हतं. अर्धी बातमी हातात देऊन मी तिला उरलेला पेपर लिहायला लावणार होते का? मी फोन मुठीत धरला आणि बसून राहिले. आयुष्यात इतकं निश्चयानं मी क्वचितच नुसती बसले असेन.

घंटा झाली. ती शेवटच्या घोळक्यात बाहेर आली. बोटांना शाई लागलेली. माझ्यासमोर येऊन उभी राहिली आणि काही न विचारता माझ्या तोंडाकडे बघत राहिली.

"फोन आला होता," मी म्हटलं. "त्यांचाच आवाज. सगळ्यांना बसमधून सरहद्दीकडे नेतायत. तेवढं बोलले आणि तुटला."

ती कट्ट्यावर बसली. बाटलीतलं पाणी तोंडावर मारलं. आजूबाजूला मुलं प्रश्नांची उत्तरं ताडून बघत होती. मग ती उठली. "चला, मॅडम. आईंना सांगायला पायजे." आणि चालता चालता म्हणाली, "शेवटचा प्रश्न अर्धा राहिला. पन बाकी लिवलं सगळं."

सरहद्द ओलांडल्याचा फोन दोन दिवसांनी आला. मग आणखी एका देशातून. मग दिल्लीहून. तो घरी आला तेव्हा तिचा एक पेपर बाकी होता. मी दुपारी गेले. दाढी वाढलेली, अंगावर कुणी दिलेला भलताच मोठा जाड कोट, मार्चच्या त्या उन्हात. सासूनं भाकरीचा तुकडा ओवाळून टाकला. जेवायला जिताडा माशाचं कालवण होतं. त्यानं दोन घास खाल्ले आणि म्हणाला, "बास झालं."

गावात दुसऱ्या आळीला हळद होती. आमच्याकडे हळदीला फटाके वाजतातच. पहिली माळ तडतडली आणि जनार्दन ताटावरून उठून भिंतीला पाठ लावून खाली बसला, दोन्ही हात डोक्यावर. रंजनानं त्याच्या खांद्यावर हात ठेवला, मग चपला घातल्या आणि हळदीच्या घरी गेली. मी तिच्यामागे गेले. लग्नघरातल्या बायका ओल्या हळदीच्या हातांनी पुढे आल्या. ती म्हणाली, "काकी, आमचे हे आलेत. आज फटाके नको. गानी वाजवा पायजे तेवढी."

नवरदेवाच्या बापानं उरलेल्या माळा उचलून घरात नेऊन ठेवल्या. त्या हळदीत रात्री नुसती गाणीच झाली म्हणे.

दुसऱ्या दिवशी रंजनानं शेवटचा पेपर दिला. जूनमध्ये पास झाली. इतिहासात तिला काही फार मोठे गुण नव्हते. पुढच्या वर्षी सेविकेच्या जागेवर तिची नेमणूक झाली. जनार्दन वर्षभर समुद्राकडे फिरकला नाही. धरमतरला बार्जवर जायचा, संध्याकाळी घरी यायचा, रात्री पंख्याच्या आवाजानं दचकायचा. मग एके दिवशी त्यानं तिला सांगितलं, "मी इंजिनाचा मानूस. काठावर बसून माझं मनच लागत नाय." तिनं त्याला थांबवलं नाही. त्याची बॅग तिनंच भरली, आणि तो जाड कोट तळाशी घातला.

परवा टीव्हीचा आवाज बंद केल्यावर मी तिला फोन लावला. सकाळची वेळ, अंगणवाडी उघडायची घाई असणार, तरी लावला.

"व्हय मॅडम, बघितलं," ती म्हणाली. "ह्यांचं जहाज त्या बाजूनं नाय जात आता. आफ्रिकेला वळसा घालून नेतायत. जुन्या पोर्तुगीजांच्या वाटेनं." ती हसली. "दिवस जास्ती लागतात. घरी यायला उशीर."

"आणि तू?"

"मी बी.ए.चा फॉर्म भरला बाहेरून. इतिहासच घेतला. भावजीच गेले फी भरायला."

"काळजी वाटत नाही?"

कुलपाचा आणि लोखंडी कडीचा आवाज आला.

"वाटते ना, मॅडम. काळजी करत करतच दार उघडायचं. थांबा, पोरं आली."

फोन बंद करायला ती विसरली. पलीकडे खूप लहान पायांचा गलका ऐकू यायला लागला. कुणीतरी रडत होतं, कुणाला डबा उघडत नव्हता. त्या सगळ्यावरून तिचा आवाज येत होता, न चढवता, एकसारखा. "रांगेत या. ढकलायचं नाय. हात धुतले कं? दाखव. नाय धुतले. जा, परत धुऊन ये." मी रोह्याच्या ओटीवर उभी होते, मोबाइल कानाला लावून, आणि पलीकडे नळाचं पाणी वाजायला लागेपर्यंत तशीच उभी राहिले.